समता कॉलोनीतली शिकवणी

राज्य वेगळं झालं आणि रायपूर त्याची राजधानी झालं, त्या सुरुवातीच्या वर्षांत मी तिथल्या एका कॉलेजात अर्थशास्त्र शिकवत होते. कायम नव्हते. अतिथी व्याख्याता असं त्या नोकरीचं गोड नाव होतं. जितके तास घेतले तितक्यांचेच पैसे मिळत. एखादा मंत्री येणार म्हणून रस्ते बंद झाले आणि कॉलेज सुटलं, की त्या दिवशी मी फुकटच तयार होऊन आलेली असे. राजधानी नवी, मंत्री पुष्कळ, त्यामुळे असं वरचेवर व्हायचं. वर्गात नगावर मिळणाऱ्या मजुरीचं प्रकरण आलं की मी विड्या वळणाऱ्या बायांचं उदाहरण देत असे. स्वतःचं द्यावं हे मला कधी सुचलं नाही.

बुढापारा या जुन्या मोहल्ल्यातल्या एका गल्लीत आम्ही भाड्यानं राहत होतो, बाबा आणि मी. आई जाऊन बरीच वर्षं झाली होती. बाबा रेल्वेच्या वॅगन दुरुस्तीच्या कारखान्यातून निवृत्त झालेले, मूळचे भंडाऱ्याकडचे. सकाळ-संध्याकाळ तलावापर्यंत एक चक्कर, पौर्णिमेला विहार आणि बाकी वेळ वर्तमानपत्र, असा त्यांचा दिवस. माझ्या विषयाबद्दल त्यांचं मत फारसं चांगलं नव्हतं.

"तुमच्या पुस्तकात नुसतं कामगार, कामगार म्हणते," ते म्हणत. "पण कोण्या जातीचा कामगार, ते काहून नाही सांगत?"

मी म्हणायची, तो वेगळा प्रश्न आहे.

"वेगळा नाही," असं म्हणून ते पेपर उघडायचे.

एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला एक पेपर निवडीचा असे. बहुतेक सगळे बँकिंग घेत. यादीत सगळ्यात खाली मार्क्सवादी अर्थशास्त्र होतं. मी स्वतः नागपूरला तोच पेपर घेऊन पास झाले होते, आणि कोणी घेतलाच तर शिकवणारी मी, असं विभागात ठरलेलं होतं. तशी वेळ आली नव्हती. विभागप्रमुख म्हणत, तो यादीत आहे कारण अजून कोणी काढला नाही.

एका जुलैत कॉलेजचा बाबू फॉर्म चाळता चाळता मला म्हणाला, "मॅडम, आपके पेपर का ग्राहक आया है."

फॉर्म घरी बसून परीक्षा देणाऱ्या एका बाईचा होता. वय चौतीस, पत्ता समता कॉलोनी, व्यवसाय गृहिणी. मी फोन केला. मी माझं नाव सांगितलं आणि पलीकडून एकदम मराठी सुरू झालं.

"तुम्ही मराठी आहात? मी अकोल्याची. घरी मारवाडी, बाकी सगळं मराठीत झालं माझं. येथे येऊन चौदा वर्षं झाली, मराठी बोलायले माणूस नाही. तुम्ही घरी येऊन शिकवाल का मले?"

अशी ती शिकवणी ठरली. आठवड्यातून तीन दिवस, दुपारी तीन ते साडेचार.

त्यांचं घर तीन मजली होतं. खालचा मजला एका दाताच्या डॉक्टरला भाड्यानं दिलेला. आम्ही पहिल्या मजल्यावरच्या जेवणाच्या टेबलाशी बसत असू. त्या वेळी सासूबाई झोपलेल्या असत, मुलं शाळेत, पुरुष भनपुरीला. घरची सळयांची मिल भनपुरीला होती. खालून दात कोरायच्या यंत्राचा आवाज येई आणि मधूनच कोणीतरी ओरडे. तिला त्याची सवय झालेली होती, मला व्हायला महिना लागला.

पहिल्याच दिवशी मी विचारलं, हाच पेपर का घेतला?

"घरात रोज एकच ऐकते, मजूर चोर असतात," ती म्हणाली. "जेवताना तेच, चहा पितानाही तेच. मले वाटलं, त्यांच्या बाजूनंही कोणी लिहिलं असेल. आमाले चोर म्हणणारं. दोन्हीकडचं वाचून पाहावं."

"पुस्तकात चोर कोणालाच म्हटलेलं नाही."

"मग?"

"सौदा सरळ होतो, असं म्हटलंय. मजूर आपली काम करायची ताकद विकतो. बाजारात तिची जी किंमत असेल ती मालक देतो. पण एकदा दिवसभरासाठी विकत घेतली की ती दिवसभर वापरायचा त्याला हक्क आला. मजुरी भरून निघेल एवढं काम त्यातल्या काही तासांतच होतं. राहिलेल्या तासांत जे तयार होतं ते मालकाचं. त्याला वरकड मूल्य म्हणतात."



"म्हणजे चोरी न करता," ती म्हणाली.

"हो."

तिनं ते लिहून घेतलं. परीक्षा हिंदीत द्यायची होती, म्हणून नोट्स हिंदीत होत्या. पण वरकड हा शब्द तिला आवडला. हिंदीतल्या अतिरिक्त मूल्याच्या शेजारी ती समासात प्रत्येक वेळी वरकड असं लिहीत असे.

मी पुढे पुष्कळ वर्षं शिकवलं. तिच्याइतकी चांगली विद्यार्थिनी मला मिळाली नाही. वर्गातली मुलं व्याख्या पाठ करत. ही प्रत्येक गोष्ट घरातल्या बोलण्याशी ताडून पाही. सासरे रात्रपाळी बंद राहते म्हणून तक्रार करत होते, तर स्थिर भांडवल पडून राहिलं की काय होतं हे तिला लगेच कळलं. बेकारांची राखीव फौज शिकवली त्याच्या दुसऱ्या दिवशी ती म्हणाली, "ठेकेदार रोज सकाळी गेटवर वीस माणसं जास्तीची उभी करते. दोघंतिघं लागतात, बाकीचे परत जातात. मी सासऱ्यांना विचारलं, मग बोलावता कशाले? ते म्हणाले, आतल्यांना दिसली पाह्यजेत."

चालू मिल तिनं कधी पाहिली नव्हती. त्या घरच्या बायका विश्वकर्मा पूजेला फक्त जात. त्या वर्षी पूजेला तिनं मलाही नेलं. मशिनं बंद होती, रोलांना झेंडूचे हार, भट्टीच्या तोंडाशी नारळ. प्रसाद घेऊन आम्ही परत आलो. गाडीत ती म्हणाली, "हे पाहून काय उपयोग? चालू असताना पाह्यलं पाह्यजे." महिनाभरानं तिनं नवऱ्याला सांगितलं की पेपरला प्रॅक्टिकल आहे. तसं काही नव्हतं. नवऱ्यानं गाडी दिली.

ट्रक तोलायच्या काट्याशेजारी एक काचेची केबिन होती, तिच्यात आम्हाला बसवलं. तिथून शेड सरळ दिसे. भट्टीतून लाल झालेला लोखंडाचा ठोकळा निघे आणि रोलांच्या जोडीतून दाबला जाऊन पलीकडे येई. पलीकडे सांडशी घेऊन एक माणूस उभा. तो त्याचं जळतं तोंड पकडून, वळवून, पुढच्या रोलात घाली. तिथं पलीकडे दुसरा माणूस. प्रत्येक रोलाला तो ठोकळा बारीक आणि लांब होत जाई, आणि जितका बारीक तितका वेगानं येई. शेवटच्या जागी तो सापासारखा सुटून येत होता, आणि तो पकडणारा माणूस पन्नाशीचा असावा. डोक्याला ओला गमछा, पायात टायरच्या तळाच्या चपला. एकदाही त्याची सांडशी चुकली नाही.

अर्ध्या तासानं शिट्टी झाली. सांडशीवाले बाजूला झाले आणि दुसरी तुकडी आली. पहिले लोक भिंतीशी बसून पाणी पिऊ लागले. पुन्हा अर्ध्या तासानं अदलाबदल. आम्ही दीड तास बसलो होतो. तिनं घड्याळ काढून टेबलावर ठेवलं होतं.

परतताना ती म्हणाली, "मॅडम, मले एक सांगा. तो भिंतीशी बसलेला माणूस. त्याचा तो अर्धा तास कोणता? मजुरीचा का वरकडचा?"

असा प्रश्न मला कोणी विचारला नव्हता आणि मी स्वतःलाही विचारला नव्हता. मी विचार करून सांगितलं की त्या आचेत सलग उभं राहणं शक्य नाही, म्हणून तो बसतो. बसला नाही तर पुढचा अर्धा तास त्याची ताकदच उरणार नाही. म्हणजे तो वेळ ताकद भरून काढण्याचा आहे.

"म्हणजे आच नसती तर बसावं लागलं नसतं."

"नसतं."

मला उत्तर बरोबर वाटलं आणि आजही वाटतं.

ती पहिल्या वर्गात पास झाली. पेढे घेऊन गल्लीच्या तोंडाशी गाडी उभी करून ती आमच्याकडे चालत आली. बाबांना वाकून नमस्कार केला. ती गेल्यावर बाबा म्हणाले, "पोट्टी हुशार हाय. काय करन शिकून?"

त्याच हिवाळ्यात तिच्या सासऱ्यांना लकवा झाला. नवऱ्याचं मन मिलमध्ये नव्हतं. शहराबाहेर सरकार नवी राजधानी बांधणार होतं, त्या बाजूच्या जमिनींच्या व्यवहारात तो पडलेला होता आणि दिवस दिवस तिकडेच असे. आधी सह्या करायला म्हणून ती भनपुरीला जाऊ लागली, नंतर रोजच. कामगार तिला भाभीजी म्हणू लागले.

याच सुमारास गोंदियाहून मामाचा फोन आला. माझा मामेभाऊ आयटीआय करून चार वर्षं घरी बसला होता. मी तिला फोन केला. बोलणं एक मिनिटही चाललं नसेल. "पाठवा ना मॅडम," ती म्हणाली. तो आला, आमच्याकडेच राहू लागला आणि सांडशीवर लागला. त्याला शिकवायला ज्या माणसाच्या हाताखाली दिलं, तो आम्ही काचेतून पाहिलेला शेवटच्या जागेवरचा माणूस होता. सगळे त्याला उस्ताद म्हणत. धरसींवाकडच्या कुठल्याशा गावचा, छत्तीसगढी बोलणारा. भावाचे हात पहिल्या महिन्यात भाजून निघाले. उस्ताद घरून कसलासा पाला वाटून आणी आणि स्वतः लावून देई. भाऊ घरी येऊन त्याच्याच गोष्टी सांगत बसे.

दीडेक वर्ष असं गेलं. मग एके दिवशी तिनं मला मिल पाहायला बोलावलं.

शेड ओळखू येत नव्हती. वर पत्र्यांना मोठे पंखे, भिंतीशी थंड पाण्याचं यंत्र, बाजूला कॅन्टीन. रोलांच्या पलीकडे माणसं उभी नव्हती. तिथं लोखंडाच्या वाकवलेल्या नळ्या बसवल्या होत्या. लाल सळईचं तोंड नळीत शिरे, वळे आणि आपोआप पुढच्या रोलात जाई. पाचसहा माणसं लांबून लक्ष ठेवून होती.

"पाळी आता आठ तासांची आहे," ती म्हणाली. "आधी बाराची होती. तुम्ही कामाच्या दिवसाचा धडा शिकवला होता ना? मी सासऱ्यांना सांगितलं, बारा तास राबवणं हा जुना रस्ता झाला. तास कमी करा, त्या तासांत माल जास्त काढा. भनपुरीत आठ तास देणारी माझी पहिली मिल आहे."

ती खरोखर खूश होती. मलाही क्षणभर बरं वाटलं, हे मी लपवणार नाही. आपण शिकवलेलं कोणी असं वापरून दाखवावं, असं शिक्षकाच्या आयुष्यात फारसं होत नाही.

मग मी विचारलं, "भिंतीशी बसायचे ते कुठे आहेत?"

"ते नाही लागत आता. आचेजवळ कोणी उभंच नाही, तर बदली कशाले?"

"मग ते गेले कुठे?"

"ठेकेदाराची माणसं होती. त्याले माहीत." ती माझ्याकडे पाहत म्हणाली, "मॅडम, तुम्हीच शिकवलं ना, मालक चांगला की वाईट हा मुद्दाच नसते. मी नाही केलं तर शेजारची मिल करन, आणि मी बंद पडीन. मग हेही जातील." तिनं त्या पाचसहा जणांकडे हात केला. "आधी मले मजुरांचं वाईट वाटे. झोप लागत नसे. तुमचा पेपर वाचला तेव्हापासून लागते. समजलं की हे मी करून नाही राहिली. हे होऊन राहिलं."

मी मनात पुस्तक चाळून पाहिलं. तिनं चुकीचं काही म्हटलं नव्हतं. मी चहा घेतला आणि परत आले.

भाऊ राहिलेल्या पाचसहा जणांत होता. तिनं त्याला ठेवलं होतं. हे मला तिनं सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

काढलेले सगळे लोक गेले नव्हते. वीस-पंचवीस जण गेटसमोर रस्त्याच्या पलीकडे कडुलिंबाखाली बसू लागले. झेंडा नव्हता, घोषणा नव्हत्या. सकाळी येत, संध्याकाळी जात. मागणी एवढीच की सगळ्यांना परत घ्या, पाळीपाळीनं का होईना. सगळ्यांच्या वतीनं बोलणारा उस्ताद होता, कारण बाकीच्यांना त्यानंच कामावर शिकवून तयार केलेलं.

रविवारी भाऊ घरी होता. बाबा आणि मी चहा घेत होतो. तो आमच्यासमोर येऊन बसला.

"दीदी, तुम्हीच सांगा. उस्ताद बाहेर बसून राहिला आणि मी त्याच्यासमोरून अंदर जाऊन राहिलो. तो मले पाहून हसते. काही म्हणत नाही. मी काय करू? अंदर जाऊ का बाहेर बसू?"

मी एम.ए.च्या मुलांना एकजुटीवर प्रश्न काढून दिलेले होते. त्याच्याकडे पाहून मला गोंदियाची मामी आठवली, त्याच्या पगारावर चालणारं तिचं दम्याचं औषध आठवलं, आणि मी म्हटलं, "तू आत जा. तू बाहेर बसल्यानं त्यांना काही परत घेणार नाहीत. तुझी जागा तेवढी जाईल."

तो बाबांकडे वळला. "फुफाजी, तुम्ही?"

बाबांनी कप खाली ठेवला. "मी गेलो होतो अंदर," ते म्हणाले.

हे मलाही ठाऊक नव्हतं.

"आमच्या वर्कशॉपमंधी संप झाला होता. मी नवा होतो. सारे बाहेर, मी अंदर. काहून, सांगू? आमचा माठ वेगळा होता. बाहेर बसणारे त्यायच्या माठाले मले हात लावू देत नव्हते, आणि मले म्हणत, भाऊ, आपण सारे एक आहो. मी म्हटलं, पहिले पाणी पाजा."

"मग?" भावानं विचारलं.

"मग काय. त्याच्यानंतर बरीच वर्षं माझ्या बाजूले बसून कोणी डबा नाही खाल्ला." त्यांनी कप पुन्हा उचलला. "आधीबी नव्हते खात."

भाऊ हसला नाही. त्यानं विचारलं, "तुमाले वाटते का, चुकलं म्हणून?"

"नाही वाटत. पण तुले उस्तादानं हाताले पाला लावून देला. मले कोणी नव्हता लावला. तुह्यं तू पाहा."

भावानं स्वतःच एक मार्ग काढला. सकाळी सहा ते दोन तो आत काम करी आणि दोन वाजता बाहेर येऊन संध्याकाळपर्यंत कडुलिंबाखाली बसे. आतल्या बाकीच्यांनाही त्याचं पाहून धीर आला. आठवडाभरात तिघेचौघे पाळी संपल्यावर बसू लागले. ठेकेदारानं तिच्याकडे तक्रार केली. तिनं म्हणे सांगितलं की आठ तासांनंतरचा वेळ त्यांचा आहे, बसू दे.

हे भावानं सांगितलं तेव्हा मला वाटलं, ती ऐकून घेईल. दुसऱ्या दिवशी दुपारी मी समता कॉलोनीत गेले. तेच टेबल. खालचा डॉक्टर बहुतेक जेवायला गेला होता, घर शांत होतं. मी म्हटलं की त्या लोकांसाठी आले आहे.

तिनं सगळं ऐकलं. मग विचारलं, "मॅडम, तुम्ही हे हक्क म्हणून मागता का दया म्हणून?"

"म्हणजे?" मी विचारलं.

"हक्क म्हणून असेल तर तो त्यांचा आहे, त्यांना मागू द्या. देण्यासारखं असेल तर देईन, नसेल तर नाही. त्यात तुमचं काही काम नाही. दया म्हणून मागत असाल तर मी तुमची विद्यार्थिनी आहे. एका माणसाचं सांगा. एकाले घेते."

तिच्या आवाजात कपट नव्हतं. मला तेव्हाही वाटलं नाही आणि नंतर पुष्कळदा आठवून पाहूनही वाटलं नाही. तिला मला काहीतरी द्यायचं होतं.

मी उस्तादाचं सांगितलं. सगळ्यात वयस्क, तीस वर्षं आचेपाशी काढलेली, आता दुसरीकडे कोण घेणार, असं काय काय म्हणाले. ती म्हणाली, "गेटवर लावते. बसून काम आहे."

उस्ताद दोन दिवस त्या कामावर गेला नाही. तिसऱ्या दिवशी त्याचा मुलगा येऊन त्याच्याशी बोलला, आणि चौथ्या दिवशी तो खाकी शर्ट घालून गेटवर उभा राहिला. रस्त्याच्या एका बाजूला तो, दुसऱ्या बाजूला झाडाखाली बाकीचे. त्या दिवशी दुपारी त्यांच्यातले निम्मे उठून गेले. धान कापणीचे दिवस आले होते, गावाकडे हात लागत होते, तेही एक निमित्त झालं. आठवड्याच्या आत झाडाखाली कोणी उरलं नाही.

भाऊ त्या दिवशी घरी आला तेव्हा मी वर्गाची तयारी करत होते. तो दारातच उभा राहिला.

"दीदी, तुम्ही गेल्या होत्या भाभीजीकडे?"

"हो."

"एकट्या उस्तादासाठी?"

"ती एकालाच घेईन म्हणाली."

"मग नाही म्हणायचं होतं." त्यानं आवाज चढवला नाही. "आम्ही बसत होतो ना. आज पाचजण येणार होते अंदरचे. तुम्ही नसतं केलं तर बरं झालं असतं."

मी त्याला समजावू लागले की असंही ते फार दिवस टिकलं नसतं. बाबा आतल्या खोलीतून म्हणाले, "बाई, राहू दे." मी थांबले.

तो अजून चार महिने त्या मिलमध्ये होता. माझ्याशी लागेल तेवढंच बोलत असे. मग जालन्याच्या एका मिलमध्ये त्याला जागा मिळाली आणि तो गेला. जाताना बाबांच्या पाया पडला, माझ्याही पडला. बाबांना त्याचं जाणं लागलं. संध्याकाळी तलावाला त्यांच्याबरोबर तोच जात असे.

मलाही पुढच्या सत्रात कॉलेजनं बोलावलं नाही. तास कमी झाले, असं सांगण्यात आलं. मी एका शाळेत अकरावी-बारावीला शिकवू लागले. तिथं पगार महिन्याला मिळे. तिचा दिवाळीला फोन यायचा. दुसरी मिल घेतल्याचं तिनं मला फोनवरच सांगितलं. नव्या राजधानीत इमारती उभ्या राहत होत्या आणि सळया पुरत नव्हत्या. मी अभिनंदन केलं. ती म्हणाली, "या ना एकदा पाहायले." मी हो म्हटलं.

मी गेले ते वेगळ्याच कामाला. भावाचं आयटीआयचं मूळ प्रमाणपत्र भनपुरीच्या ऑफिसात राहून गेलं होतं आणि जालन्याला ते मागत होते. ऐन मे महिना होता. गेटवर उस्तादच होता. खाकी शर्ट त्याला खांद्यांत ढिला होत होता. मी कोण हे त्याला सांगावं लागलं नाही. त्यानं आपलं स्टूल सावलीत ओढलं.

"बइठव दीदी," तो म्हणाला.

कागद यायला वेळ लागणार होता म्हणून मी बसले. तो उभाच राहिला. भाऊ कसा आहे, हात बरे आहेत का, असं त्यानं विचारलं. मी बाकीच्यांचं विचारलं. कोणी वीटभट्टीवर गेले, कोणी नव्या राजधानीच्या बांधकामावर सळया बांधतात, दोघांचा पत्ता नाही, असं त्यानं सांगितलं. नावं घेऊन, एकेकाचं. त्यातला एक जण त्याच्या मोठ्या भावाचा मुलगा होता, हे मला तेव्हा कळलं.

"ते भेटतात का तुम्हाला?" मी विचारलं.

"हव, बजारात भेटतात. रामराम होते."

तो माझ्यावर रागावलेला असेल आणि विचारेल की एकट्याचंच का मागितलं, असं धरून मी आले होते. रिक्षात बसून त्याचं उत्तरही जुळवलं होतं, चांगलं तीनचार वाक्यांचं. त्यानं काही विचारलं नाही. एवढंच म्हणाला की उन्हात उभं राहावं लागतं, पण आचेच्या मानानं हे ऊन काहीच नाही, बायको खूश आहे.

ऑफिसातून एक मुलगी कागद घेऊन आली. मी तो उघडून पाहिला, पिशवीत ठेवला आणि उठले. तेवढ्यात आतून माल भरलेला ट्रक आला आणि उस्ताद गेट उघडायला गेला. ट्रक लांब होता, बाहेर वळायला त्याला वेळ लागला. मी त्याचा निरोप न घेताच बाजूनं निघून रस्त्यावर आले आणि रिक्षा बघू लागले.